खालच्या मजल्यावरच्या बाईंचा सत्कार

आमच्या मंडळाची दिवाळी पहाट सकाळी साडेअकराला उजाडते. त्याआधी इथल्या डच शाळेचा हॉल मिळत नाही, आणि दूरच्या न्यूनेनहून गाडी काढणाऱ्या मंडळींना त्याआधी पोचणंही जमत नाही. हॉल म्हणजे खरं तर व्यायामशाळा. जमिनीवर बास्केटबॉलच्या रंगीत रेघा आहेत आणि तबलजी बरोबर बास्केटखाली बसतो. धुराचा अलार्म वाजू नये म्हणून पणत्या बॅटरीवरच्या. या सगळ्याला मी वीस वर्षांत सरावले. सरावले नाही ती एकाच गोष्टीला: सत्काराला.

सत्काराशिवाय आमचा कार्यक्रम होत नाही. देश सोडताना माणसं बऱ्याच गोष्टी मागे ठेवून येतात, पण शाल आणि नारळ बरोबर आणतात. नगरपालिकेतल्या कोणा अधिकाऱ्याला, वकिलातीतल्या कोणाला, अगदीच कोणी नसलं तर गेल्या वर्षीच्या अध्यक्षांना व्यासपीठावर उभं करायचं, शाल घालायची, फ्रेम केलेलं मानपत्र द्यायचं आणि फोटो काढायचा. गेल्या वर्षी, ठरलेल्या पाहुण्यांनी सहा आठवडे आधी येत नसल्याचं कळवलं. फार नम्र ईमेल होती. शाल आणून झालेली होती.

कार्यकारिणीची बैठक ऑनलाइन होती. अध्यक्ष चाळिशीचा, एका मोठ्या कंपनीत प्रॉडक्ट मॅनेजर, उत्साही आणि मनानं चांगला माणूस. मला ताई म्हणतो. माझ्याहून सोळा-सतरा वर्षांनी लहान असल्यामुळे मी त्याला अरे-तुरे करते आणि त्याच्या उत्साहाकडे शक्यतो दुर्लक्ष करते.

"लोकल कोणी तरी हवं," तो म्हणाला. "इंटरनॅशनल फील येतो."

"गल्लीतल्या चीजवाल्याला बोलवा," मी म्हणाले. "लोकलच आहे, आणि शाल त्याला थंडीत उपयोगी पडेल."

कोणी हसलं नाही, म्हणून मी पुढे बोलले. ती माझी चूक. म्हणाले, "आमच्या खालच्या मजल्यावर एक जर्मन बाई राहतात. सिनेमात होत्या म्हणे."

चार चौकटींमधले चार चेहरे एकदम कॅमेऱ्याजवळ आले.

बाईंची माझी ओळख पार्सलांमधून झालेली. शहराच्या बुइटनव्हेल्डर्ट भागातली आमची इमारत साठेक वर्षांची. तिच्यात अर्धी बिऱ्हाडं आमच्यासारखी दिवसभर कामावर असणारी आणि अर्धी नव्वदीकडे झुकलेली. कुरिअरवाला येतो तेव्हा पहिल्या अर्ध्यातलं कोणी घरी नसतं, म्हणून तो सगळ्यांची पार्सलं बाईंकडे ठेवतो आणि बाई ज्याच्या त्याच्या दाराखालून चिठ्ठी सरकवतात. एकदा माझ्या दाराखालून अशीच चिठ्ठी आली: "तुमचा खोका माझ्याकडे आहे. जड आहे. स्वतः या." मी चिठ्ठी उलटी केली, तर मागे छापील फोटो. वेण्या घातलेली, फुगीर बाह्यांच्या झग्यातली विशीतली मुलगी एका वासराच्या गळ्यात हात टाकून हसत होती.

"हे कोण?" खोका घेताना मी विचारलं.

"वासरू का? त्याचं नाव नाही आठवत," बाई म्हणाल्या.

जर्मनीत तेव्हा पद्धत होती की नटनटींनी स्वतःच्या फोटोची कार्डं छापून घ्यायची आणि पत्र येईल त्याला सही करून पाठवायची. बाईंकडे अशा कार्डांचे न सही केलेले गठ्ठे उरले होते. कागद जाड आणि चांगला, त्यामुळे चाळीस वर्षं किराण्याच्या याद्या त्यांच्या पाठीवरच लिहिल्या जात होत्या. "अजून दोन गठ्ठे आहेत," त्या म्हणाल्या. "मी पुरेन की नाही ते बघायचं."

बाई एक्क्याण्णव वर्षांच्या. सत्काराचा विषय घेऊन मी खाली गेले तेव्हा मला वाटलं होतं की त्या नाही म्हणतील आणि प्रश्न सुटेल. मी माझ्या ऑफिसच्या शिकवणीतल्या डचमध्ये समजावून सांगितलं: खांद्यावर शाल घालतात, हातात नारळ देतात, मग तुमची स्तुती लिहिलेला कागद मोठ्यानं वाचतात.

"नारळाचं काय करायचं?"

"घरी न्यायचा."

"हे तुमच्याकडे माणूस मेल्यावर करतात की आधी?"

"आधी," मी म्हणाले. "पण फार आधी नाही."

हे त्यांना आवडलं. मग त्यांनी विचारलं, "मायक्रोफोन असतो?"

"असतो. आमच्याकडे बाकी काही नसलं तरी तो असतो."

"आणि तो कागद कोण लिहितं?"

"या खेपेला मी." मी पुस्तकं वाचते असा माझ्याबद्दल मंडळात प्रवाद आहे, त्यामुळे असली कामं माझ्याकडे येतात.

"मग मी येईन," बाई म्हणाल्या. "पण त्या कागदात एक वाक्य माझं घालायचं. तेवढीच अट."

ते वाक्य काय, हे कळायला मला तीन रविवार खाली जावं लागलं. बाई ओळीनं सांगत नसत. मध्येच उठून केक कापत, मध्येच खिडकीतून पार्किंगवर टीका करत.

त्यांचं गाव जर्मनीच्या पूर्वेला होतं. युद्धानंतर तो भाग पोलंडमध्ये गेला. अकराव्या वर्षी आईबरोबर मालगाडीतून पश्चिमेला आल्या. सतराव्या वर्षी म्युनिकमध्ये एका टोप्यांच्या दुकानात काम करत असताना कोणी तरी त्यांचा चेहरा पाहिला. शहरं तेव्हा ढिगाऱ्यात होती, म्हणून सिनेमे डोंगरात काढत. प्रत्येक सिनेमात एक दरी, एक चर्च, काही गाई आणि एक जंगल अधिकारी. तो शेवटी कोणाशी लग्न करणार एवढाच प्रश्न. लोकांना त्यापेक्षा मोठा प्रश्न नको होता, आणि त्यांना दोष तरी कसा द्यायचा?

बाईंचा चेहरा या कामाला अगदी योग्य होता. पण त्यांनी पहिल्यांदा कॅमेऱ्यासमोर तोंड उघडलं तेव्हा दिग्दर्शक खुर्चीतून उठून म्हणाला, "चेहरा डोंगरातला आहे, पण बोलायला लागली की निर्वासितांची गाडी स्टेशनात शिरते." पूर्वेकडची ती बोली पडद्यावर ऐकू आली असती तर सगळ्या थिएटरला आपण काय गमावलंय ते आठवलं असतं, आणि लोक तिकीट काढत होते ते विसरण्यासाठी. तेव्हा चेहरा ठेवला आणि आवाज बदलला. तीन सिनेमांत बाईंचं बोलणं आणि गाणं एका दुसऱ्या बाईनं केलं. श्रेयनामावलीत तिचं नाव नाही. बाईंच्या करारात एक कलम होतं: हे कुठंही बोलायचं नाही.

"ती कोण होती?" मी विचारलं.

"एकदाच भेटली. स्टुडिओच्या बोळात. पंचेचाळिशीची असेल, जाड चष्मा, हातात बाजाराची पिशवी, पिशवीतून कांद्याच्या पाती वर आलेल्या. ट्रामनं यायची. मला म्हणाली, फ्रॉइलाइन, तुम्ही वाक्याच्या शेवटी तोंड फार लवकर मिटता, मला जागा उरत नाही. अर्धा क्षण उघडं ठेवाल का? पुढच्या सिनेमापासून मी ठेवलं."

"आणि नाव?"

"नाही विचारलं." बाईंनी केकचा तुकडा माझ्या बशीत ढकलला. "बावीस वर्षांची होते. माझी कार्डं छापून येत होती."

दुसरा सिनेमा फार चालला. पोती भरून पत्रं आली: विधवांची, कैदेतून परतलेल्या सैनिकांची. निम्म्या पत्रांत आवाजाबद्दल लिहिलेलं. एक पत्र बाई मला तोंडपाठ सांगू शकत होत्या, पण त्यांनी ते थोडक्यातच सांगितलं. युद्धात डोळे गेलेल्या एका माणसानं ते बहिणीकडून लिहवून घेतलं होतं. तो तोच सिनेमा सात वेळा ऐकायला गेला होता. तुम्ही दिसायला छान आहात असं बहीण म्हणते, पण मला त्याचा उपयोग नाही, मी तुमच्या आवाजासाठी येतो, असं त्यात होतं.

"तुम्ही काय उत्तर दिलंत?"

"कार्ड पाठवलं. सही करून."

आंधळ्या माणसाला फोटो.  बाईंना त्यावर माझ्याकडून काही ऐकायचं नव्हतं.

पुढे डोंगरांची हौस फिटली. साठच्या दशकात धुक्यातल्या लंडनचे खूनपट निघू लागले. ते हॅम्बुर्गमध्ये काढत, कारण धुकं तिथंही होतं. त्यांत बाई पहिल्या वीस मिनिटांत मरत. "किंकाळ्या मात्र माझ्या," त्या म्हणाल्या. "किंकाळीला बोली नसते." मग दाढ्या वाढवलेले तरुण दिग्दर्शक आले आणि जुना सिनेमा मेला असं त्यांनी जाहीर केलं. बाई तेव्हा तिशीतच होत्या. मग टीव्हीवर एका इस्पितळाच्या मालिकेत मुख्य परिचारिका, भांड्यांच्या पावडरची जाहिरात आणि शेवटी लग्न. नवरा डच, सिनेमागृहांना खुर्च्या पुरवण्याचा त्याचा धंदा. इकडे आल्यावर पहिली काही वर्षं भाजीच्या दुकानात बाईंचे उच्चार ऐकून कोणी तरी म्हणायचंच: आधी माझ्या वडिलांची सायकल परत करा. युद्धात जर्मन सैनिकांनी इथल्या सायकली उचलून नेल्या होत्या. बाई दुकानात बोटानं दाखवून भाजी घ्यायला शिकल्या.

नवऱ्यानं तो दुसरा सिनेमा पाहिलेला होता. पहिल्या भेटीत तो म्हणाला, तुमचा आवाज प्रत्यक्षात वेगळा वाटतो. बाई म्हणाल्या, सर्दी झालीय. पुढे सिगारेटवर ढकललं. एकेचाळीस वर्षांचा संसार झाला आणि तो त्याच समजुतीत गेला.

"त्यांना तरी सांगायचंत," मी म्हणाले.

"त्याला तो आवाज फार आवडायचा हो."

तर बाईंचं वाक्य असं होतं: त्या तीन चित्रपटांतला आवाज माझा नव्हता, तो दुसऱ्या एका स्त्रीचा होता, आणि मी हे कधीच सांगितलं नाही. मी ते मराठीत लिहिलं. त्यांनी ते मला मोठ्यानं वाचायला लावलं, डोळे मिटून ऐकलं, पुन्हा वाचायला लावलं. त्या भाषेतला एकही शब्द त्यांना कळत नव्हता. मी विचारलं, तुमचा सिनेमा आमच्या लोकांनी पाहिलेला नाही, तुमचं नावही ऐकलेलं नाही. त्यांना हे सांगून काय होणार? बाई म्हणाल्या, "ज्यांनी पाहिला ते सगळे मेले. आता जे भरलेलं सभागृह मिळेल ते माझं."

मानपत्र मी अध्यक्षाला पाठवलं. साधं, दीड पान. त्याचा फोन आला.

"ताई, कंटेंट छान आहे. पण टोन थोडा अपलिफ्टिंग करू का?"

"कर. फक्त आवाजाचं वाक्य तसंच ठेव. बाईंची अट आहे."

"आवाजाचं ना? ठेवतो, ठेवतो. तेच तर हायलाइट आहे."

मी टेस्टिंगमध्ये आहे. दुसऱ्यांनी केलेल्या कामातल्या चुका शोधणं हा माझा तीस वर्षांचा व्यवसाय. छापायला जाण्याआधी एकदा मला दाखव, हे एवढं वाक्य मी त्या दिवशी बोलले नाही. कंटाळा आला होता. मंडळाच्या सगळ्या चुका शेवटी कोणाच्या तरी कंटाळ्यातून होतात.

कार्यक्रमाच्या दिवशी बाई करड्या रंगाचा सूट आणि मोत्यांच्या कुड्या घालून खाली उभ्या होत्या. ओठांना लिपस्टिक, हातात काठी. आम्ही टॅक्सीनं निघालो. हॉलमध्ये त्यांना पहिल्या रांगेत बसवलं, मी दुभाषी म्हणून शेजारी. दोन गाणी झाली, लहान मुलांचा नाच झाला. मुलांना मराठीत सूचना दिल्या जात होत्या आणि ती डचमध्ये भांडत होती. हार्लेमची मंडळी उशिरा आली आणि त्यांच्यासाठी दीपप्रज्वलन, म्हणजे बॅटरीचं बटण दाबणं, पुन्हा करण्यात आलं. बाई सगळं बारकाईनं पाहत होत्या. मध्ये एकदा म्हणाल्या, "उजवीकडचा स्पॉटलाइट वाकडा आहे." तो वाकडाच होता.

मग सत्कार. शाल घातली. नारळ दिला, तो बाईंनी लगेच माझ्याकडे दिला. अध्यक्षानं फ्रेमवरचा रेशमी रुमाल काढला आणि वाचायला सुरुवात केली. मी कानाशी लागून डचमध्ये सांगू लागले. चित्रसृष्टीच्या नभांगणातील तेजस्वी तारका, वगैरे. "म्हणताहेत, तुम्ही प्रसिद्ध होतात." युद्धाच्या वणव्यात होरपळलेल्या मानवतेला, वगैरे. "म्हणताहेत, युद्धानंतरचा काळ होता." असं मी बरंच पाणी काढून टाकत होते. आणि अध्यक्षानं आवाज चढवून वाचलं:

"आपल्या स्वर्गीय, सुमधुर स्वरांनी अवघ्या युरोपच्या जखमांवर फुंकर घालणाऱ्या, ज्यांच्या आवाजासाठी अंधांनीही चित्रपटगृहांत गर्दी केली, अशा या स्वरसम्राज्ञीस..."

आंधळ्या माणसाची गोष्ट मी त्याला फोनवर सांगितली होती. समजावं म्हणून.

मी बोलायची थांबले. बाईंनी माझ्याकडे न बघता विचारलं, "आता माझं वाक्य?"

"नाही," मी म्हणाले. "बदललंय. म्हणताहेत, तुमच्या आवाजानं युरोपच्या जखमा बऱ्या केल्या."

खोटं सांगता आलं असतं. त्यांना मराठी येत नव्हतं आणि हॉलमधल्या कोणाला ते वाक्य ठाऊक नव्हतं. त्या समाधानानं घरी गेल्या असत्या. हे मला तेव्हा सुचलं नाही, परतताना टॅक्सीत सुचलं.

बाईंनी काठी टेकली आणि उठल्या. फोटो काढणाऱ्यांना वाटलं की फोटोसाठीच. त्या सरळ मायक्रोफोनकडे गेल्या. अध्यक्ष माझ्याजवळ येऊन कुजबुजला, "ताई, दोन मिनिटंच हं. तीनला हॉल रिकामा करायचाय, आणि फराळ व्हायचाय."

मी दुसरा माइक घेतला.

बाईंनी सभागृहाकडे पाहिलं. दीडेकशे माणसं असतील. पाठ एकदम ताठ झाली. मग सावकाश, स्पष्ट डचमध्ये त्या म्हणाल्या, "त्या गृहस्थांनी आत्ता जे वाचलं ते खरं नाही. तो आवाज माझा नव्हता."

माझी पाळी आली. माझ्या हातात माइक होता, समोर सभा होती, आणि आजपर्यंत बसून ऐकलेल्या शेकडो सत्कारांची भाषा माझ्या तोंडात आपोआप आली. मी म्हणाले, "आपण जे माझं कौतुक केलंत, त्याला मी पात्र नाही."

टाळ्या.

बाईंनी चमकून माझ्याकडे पाहिलं. टाळ्या थांबल्यावर त्या पुढे म्हणाल्या, "ते सगळं काम दुसऱ्या एका स्त्रीचं होतं. मी तिचं श्रेय घेतलं."

आता मी जपून भाषांतर केलं. शब्दाला शब्द. "हे श्रेय माझं नाही. ते दुसऱ्या एका स्त्रीचं आहे." उच्चारतानाच मला कळलं की हेही वाक्य आपल्याकडे प्रत्येक सत्कारमूर्ती म्हणतो. कोणी आईबद्दल म्हणतं, कोणी बायकोबद्दल. टाळ्या वाढल्या. मागून कोणी तरी "वा!" म्हणालं. पुढच्या दोन रांगा उभ्या राहिल्या, आणि पुढच्या रांगा उभ्या राहिल्या की मागच्यांना दिसत नाही, म्हणून सगळेच उभे राहिले.

"का टाळ्या वाजवताहेत?" बाईंनी मला विचारलं. ते माइकवर ऐकू गेलं, पण डचमध्ये.

मी व्यासपीठाची भाषा टाकून दिली. "अहो, बसा. त्या खरंच सांगताहेत. आवाज त्यांचा नव्हता. डबिंग होतं. त्यांनी सत्तर वर्षं लपवलं ते."

लोक प्रेमानं हसले. टाळ्या पुन्हा सुरू झाल्या. अध्यक्षाच्या डोळ्यांत खरोखर पाणी होतं. त्यानं माझ्या हातातला माइक घेतला आणि म्हणाला, "मित्रहो, याला म्हणतात जमिनीवर पाय असणं! इतकी मोठी कलावंत, आणि स्वतःचा आवाजसुद्धा स्वतःचा मानत नाही!"

मग फराळ झाला.

बाईंना मी कडेच्या बाकावर बसवलं. शाल एका खांद्यावरून घसरली होती, फ्रेम मांडीवर उलटी. लोक येऊन वाकून नमस्कार करत होते, सेल्फी काढत होते. एकानं आपल्या मुलीला गाणं शिकायला पाठवू का म्हणून विचारलं. मी कशाचंच भाषांतर करत नव्हते. बाई प्रत्येकाला मान तुकवत होत्या. तो सराव त्यांना होता. गर्दी चकलीकडे वळल्यावर त्या म्हणाल्या, "तुम्ही नीट सांगितलंत?"

"पहिल्यांदा नाही सांगितलं," मी म्हणाले. "तिसऱ्यांदा सांगितलं. तोपर्यंत उशीर झाला होता."

"हं," त्या म्हणाल्या. रागावल्या असत्या तर बरं झालं असतं.

तेवढ्यात एक म्हातारी बाई कागदी बशी घेऊन आमच्यासमोर येऊन उभी राहिली. सुती साडीवर लेकाचं फुगीर जॅकेट, पायात पांढरे बूट. मिरजेहून लेकाकडे तीन महिन्यांसाठी आलेली, हे तिनंच आधी सांगितलं. आणि परतायला नऊ दिवस राहिले हेही. मग माझ्याकडे वळली.

"तू भाषेचं करत होतीस ना? यांना एक विचार."

"विचारा ना, काकू."

"ती जी दुसरी होती, आवाज देणारी. तिला कधी कोणी ती पत्रं दाखवली का?"

"कुठली पत्रं?"

"अगं, तो आत्ता वाचत नव्हता का, आंधळी माणसंसुद्धा यायची म्हणून? म्हणजे लोकांनी कळवलं असेलच की. ती पत्रं यांच्याकडे आली असणार. तोंड यांचं दिसत होतं ना. पण होती तिची. तिला वाचायला दिली का?"

मी बाईंना सांगितलं. या खेपेला मध्ये काही घातलं नाही आणि काही गाळलं नाही.

बाईंनी त्या म्हातारीकडे पाहिलं.  ओठ थोडे उघडे होते. मग म्हणाल्या, "नाही. एकही दिलं नाही. ती ट्रामनं यायची. मला दिवस माहीत होता, मंगळवार. नेऊन देता आली असती."

मी काकूंना तसंच सांगितलं, मंगळवारसकट.

काकूंनी हातातली बशी बाकावर ठेवली. चेहऱ्यावर राग नव्हता आणि कौतुकही नव्हतं. "मग ते चुकलं तुमचं," त्या थेट बाईंना म्हणाल्या, मराठीतच, हळू आवाजात. "बाकीचं पोटासाठी झालं असेल. पण पत्रं द्यायला हवी होती."

मी भाषांतर करायला तोंड उघडलं. बाईंनी हात वर करून मला थांबवलं, आणि मग, बहुधा स्वतःचीच खात्री नसल्यामुळे, म्हणाल्या, "सांगा. काय म्हणाल्या?"

"म्हणाल्या, तुमचं चुकलं. पत्रं द्यायला हवी होती."

"हो," बाई म्हणाल्या. खांदे खाली आले. इतका वेळ ताठ धरलेली पाठ बाकाला टेकली. "हो. द्यायला हवी होती."

काकूंना याचं भाषांतर लागलं नाही. त्या शेजारी बसल्या, बाईंच्या घसरलेल्या शालीचं टोक उचलून त्यांच्या मांडीवर ठेवलं आणि मला म्हणाल्या, "यांनी काही खाल्लं नाही गं अजून. तिखट चालतं का?"

पलीकडे कार्यकारिणी खुर्च्या एकावर एक रचत होती. तीनला दहा मिनिटं कमी होती. मी बाईंना विचारलं, तिखट चालतं का. त्या म्हणाल्या, थोडं.